चौदावं रत्न आणि कलम पंचवीस

समुद्रमंथनातून चौदा रत्नं निघाली, हे आपण लहानपणी ऐकलेलं असतं. पण मराठीत ‘चौदावं रत्न’ म्हटलं की कुणाला देव-दानव आठवत नाहीत. आठवतो तो मार. ‘पोलिसांनी चौदावं रत्न दाखवताच आरोपी पोपटासारखा बोलू लागला’ हे वाक्य आपण वर्तमानपत्रात इतक्यांदा वाचलंय की त्यात एका गुन्ह्याची बातमी आहे, हे लक्षातच येत नाही. गुन्हा आरोपीचा नव्हे, मारणाऱ्याचा. भारतीय कायद्याने १८६० पासून त्याला सात वर्षांपर्यंत शिक्षा ठेवलेली आहे, आणि जबर दुखापत असेल तर दहा वर्षांपर्यंत. ‘पोलिसी खाक्या’, ‘पाहुणचार’, ‘थर्ड डिग्री’ हे सगळे शब्द आपण हसत हसत वापरतो. आज मला या हसण्यामागचा इतिहास सांगायचाय.

मी इतिहास शिकवते. वर्गात एक प्रश्न हमखास येतो: हे छळाचं प्रकरण इंग्रजांनी आणलं की आपल्याकडे आधीपासूनच होतं? विचारणाऱ्याला बहुधा ‘इंग्रजांनी’ हे उत्तर हवं असतं. ते देता येत नाही.

पुण्याचंच बघा. १७९१ साली श्रावणातल्या दक्षिणेसाठी पुण्यात आलेल्या काही तेलंगी ब्राह्मणांना कोतवाल घाशीरामाने चोरीच्या आळावर पकडून एका अरुंद खोलीत कोंडलं. सकाळी दार उघडलं तेव्हा त्यांतले बरेचसे गुदमरून मेले होते. आजच्या भाषेत हा कोठडीमृत्यू. तेंडुलकरांच्या नाटकामुळे घाशीराम सगळ्यांना माहीत झाला, पण त्या रात्रीची ती खोली मात्र आपण विसरतो. पुढे काय झालं? लोक खवळले, नाना फडणवीसांनी घाशीरामाला जमावाच्या हवाली केलं, आणि जमावाने त्याला दगडांनी ठेचून मारलं. न्याय झाला असं त्या वेळी पुष्कळांना वाटलं असणार. पण कोतवालाने कुणाला किती वेळ, कुठे, कुणाच्या हुकमाने कोंडावं याचा काही नियम त्यातून निघाला नाही. एक माणूस गेला, अधिकार जसाच्या तसा राहिला.

नियम निघाला तो साठ-सत्तर वर्षांनी, आणि पुण्याहून नव्हे, मद्रासहून.

१८५४ च्या जुलैमध्ये लंडनच्या पार्लमेंटात मद्रास इलाख्यातल्या जमीनमहसुलावर चर्चा चालू होती. तिथे काही सभासदांनी थेट आरोप केला की कंपनी सरकारचा सारा रयतेकडून छळ करून वसूल केला जातो. कंपनीच्या बाजूच्या लोकांनी आधी कानांवर हात ठेवले. पण गोष्ट दडपण्यासारखी राहिली नव्हती. मद्रास सरकारला चौकशी आयोग नेमावा लागला. सभासद तीन: एलियट, स्टोक्स आणि नॉर्टन. यांतला नॉर्टन हा बॅरिस्टर, सरकारचा मिंधा नसलेला. आयोगाने जाहीर केलं की गेल्या काही वर्षांत ज्यांचा छळ झाला असेल त्यांनी तीन महिन्यांत तक्रार करावी.

आता त्या काळची कल्पना करा. आगगाडी नाही. तक्रार द्यायची म्हणजे मद्रासला चालत किंवा बैलगाडीने जायचं, शेती टाकून, पदरचं खाऊन. आणि तक्रार करायची ती ज्याच्या हाताखाली परत जाऊन राहायचंय त्या तहसीलदाराविरुद्ध. तरीसुद्धा ५१९ माणसं स्वतः येऊन उभी राहिली, आणि १४४० जणांनी पत्राने कळवलं. एकूण १९५९ तक्रारी. मी हे आकडे वर्गात फळ्यावर लिहिते तेव्हा पहिल्या आकड्यापाशी थांबते. कारण पत्र लिहिणाऱ्याला कुणी ना कुणी लेखनिक मिळाला असेल, पण चालत येणाऱ्याला फक्त त्याचे पाय होते.

१८५५ च्या एप्रिलमध्ये अहवाल आला. त्यात छळाच्या पद्धतींची यादी आहे. दोनच सांगते. ‘किट्टी’ म्हणून एक लाकडी साधन होतं, दोन फळ्यांचं, लिंबू पिळायच्या यंत्रासारखं. त्यात बोटं, हात, मांड्या धरून आवळायच्या. दुसरी पद्धत ‘अनंदाल’. हिच्यात साधनही लागत नाही. माणसाला त्याच्याच धोतराने किंवा दोरीने मान पायांकडे वाकवून बांधायचं, आणि उन्हात सोडून द्यायचं. उपाशी ठेवणं, डोळ्यांत मिरचीपूड हे प्रकार वेगळेच.

पण या अहवालातली माझ्या दृष्टीने खरी महत्त्वाची गोष्ट ही यादी नव्हे. छळ का होतो, या प्रश्नाचं आयोगाने दिलेलं उत्तर ती गोष्ट आहे. खेड्यापाड्यांत सारा वसूल करणारा आणि चोर पकडणारा माणूस एकच होता. तहसीलदाराकडेच पोलिसी अधिकार. खालच्या नोकरांचा पगार पोट भरण्याइतकाही नाही. वरून साऱ्याच्या आकड्याचा तगादा. वर कलेक्टर एक, त्याचा जिल्हा अफाट, आणि त्याला लोकांची भाषा जेमतेम येणार. अशा व्यवस्थेत छळ हा कुणा एका दुष्ट माणसाचा स्वभाव राहत नाही, तो कामाचा भाग होतो. आयोगाने ही रचना बदला, महसूल आणि पोलीस वेगळे करा, असं सांगितलं.

त्याच अहवालाने दुसरंही एक केलं. सगळा दोष ‘नेटिव्ह’ नोकरांवर टाकला आणि गोऱ्या अधिकाऱ्यांना जवळजवळ मोकळं सोडलं. लोकांची तक्रार आपल्याच भाईबंदांविरुद्ध आहे, साहेबांविरुद्ध नाही, असा सूर लावला. आकडा साहेब मागणार, साहेबाच्या तिजोरीत पैसा जाणार, आणि हात तेवढे नेटिव्हाचे! कार्ल मार्क्सने १८५७ च्या सप्टेंबरात न्यूयॉर्कच्या एका वर्तमानपत्रात याच अहवालावर लेख लिहिला. बंडातल्या शिपायांच्या क्रौर्यावर इंग्लंडची पत्रं तेव्हा आग ओकत होती. हे बघा तुमच्याच सरकारचे कागद, असं त्याचं म्हणणं.

मराठी वाचकांना अवघड वाटेल अशी एक गोष्ट इथे सांगायला हवी. मद्रास इलाख्याच्या कचेऱ्यांत त्या काळी देशस्थ मराठी मंडळींचा मोठा भरणा होता. तंजावरच्या मराठी राज्याची परंपरा होती, हिशेबात ती तरबेज होती, आणि काही जिल्ह्यांत महसुलाचे कागद मराठीत ठेवले जात. तंजावर, गुंटूर इथले शिरस्तेदार, पेशकार, कारकून यांचा आपल्याला अभिमान वाटतो, आणि वाटावाही. पण १९५९ तक्रारी ज्या यंत्रणेविरुद्ध होत्या त्या यंत्रणेचे कारकूनही तेच होते. छळाचा इतिहास सांगताना ‘आपण’ नेहमी बांधलेल्या माणसाच्या जागी स्वतःला पाहतो. दोरी धरणाऱ्याच्या जागी कोण होतं हेही पाहायला हवं.

अहवालानंतर कायदे भराभर आले. मद्रासमध्ये १८५९ साली पोलिसांचा वेगळा कायदा, १८६१ साली सगळ्या देशासाठी पोलीस कायदा. १८६० च्या दंडसंहितेत कलम ३३० आलं. कायद्याच्या कलमाखाली जी उदाहरणं देतात, त्यांना दृष्टांत म्हणतात. ३३० खालचे दृष्टांत एकदा वाचाच. एक पोलीस अधिकारी कबुलीसाठी छळ करतो. दुसरा, चोरीचा माल कुठे आहे ते सांगावं म्हणून. मग एक महसूल अधिकारी थकबाकीसाठी, आणि एक जमीनदार खंडासाठी. मद्रासचा अहवाल हाताशी असताना हे दृष्टांत वाचले तर ते पुस्तकी वाटत नाहीत. २०२४ पासून दंडसंहितेची जागा भारतीय न्याय संहितेने घेतली. तिथे हे कलम १२० आहे आणि छळ करणारा पोलीस अधिकारी दृष्टांतात अजून उभा आहे.

त्याहून मोठी गोष्ट १८६१ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेत झाली, आणि १८७२ साली जेम्स स्टीफनने ती साक्षीच्या कायद्यात आणली. कलम २५: पोलीस अधिकाऱ्यापुढे दिलेली कबुली आरोपीविरुद्ध पुरावा म्हणून वापरता येणार नाही. बस्स. मारून घेतली की प्रेमाने, हा प्रश्नच नाही. पोलिसांपुढची कबुली पुरावा नाही. कलम २६ म्हणतं, कोठडीत असताना दुसऱ्या कुणापुढे दिलेलीही नाही, मॅजिस्ट्रेट समोर असेल तरच. खुद्द इंग्लंडमध्ये असा सरसकट नियम नव्हता. तिथे कबुली स्वेच्छेची होती का, एवढंच पाहत. म्हणजे साम्राज्याने आपल्याच पोलिसांवर इतका अविश्वास कायद्यात लिहून ठेवला. स्टीफनने नंतरच्या एका ग्रंथात एका अनुभवी मुलकी अधिकाऱ्याचं म्हणणं नोंदवलंय. त्याचा मतलब असा, की छळ होतो तो बराचसा आळसामुळे. उन्हातान्हात पुरावा शोधत हिंडण्यापेक्षा सावलीत बसून एखाद्याच्या डोळ्यांत तिखट चोळणं सोपं पडतं. क्रौर्याचं याहून खरं निदान मी वाचलेलं नाही.

मग एवढा कडक नियम असताना मार थांबला का नाही? कारण लगेच पुढचं कलम २७.

ते असं आहे. आरोपीने कोठडीत काही सांगितलं आणि त्यावरून एखादी वस्तू सापडली, तर त्या वस्तूपुरता त्याच्या सांगण्याचा भाग पुरावा म्हणून चालतो. कल्पना अशी की वस्तू खोटं बोलत नाही. मद्रास इलाख्यातून प्रिव्ही कौन्सिलपर्यंत गेलेल्या पुलुकुरी कोट्टय्या खटल्यात १९४६-४७ साली याची मर्यादा ठरली: ‘मी सुरा छपरात लपवलाय’ एवढं चालेल, ‘ज्याने मी अमक्याला भोसकलं’ हे चालणार नाही. ऐकायला किती सुटसुटीत! प्रत्यक्षात कोणत्याही फौजदारी खटल्याचे कागद उघडा. त्यात एक निवेदन पंचनामा असतोच. दोन पंच, आणि ठरावीक वाक्य: ‘मी लपवून ठेवलेली जागा दाखवतो, माझ्याबरोबर चला.’ मग मंडळी सरकारी जीपमधून निघतात, आणि मुद्देमाल मिळतो. कधी तो खरंच आरोपीने लपवलेला असतो. कधी पंच नेहमीचेच असतात आणि कोर्टात फितूर होतात. कबुली नको म्हणून कायद्याने पुढचं दार लावलं आणि मुद्देमालासाठी मागचं दार उघडं ठेवलं. मग तपास मागच्या दारानेच येणार. ज्याला तपासाचं शास्त्र शिकवलेलं नाही, ज्याच्याकडे प्रयोगशाळेचा अहवाल महिनोन्महिने येत नाही, आणि ज्याच्या डोक्यावर चार दिवसांची पोलीस कोठडी संपायची टांगती तलवार आहे, त्या अंमलदाराने काय करावं असं आपण धरून चालतो? मी त्याचा बचाव करत नाही. १८५५ च्या आयोगाने जे सांगितलं, तेच सांगतेय. रचना तशी असली की हात तसे चालतात.

स्वातंत्र्यानंतर संविधानाच्या अनुच्छेद २० (३) ने स्वतःविरुद्ध साक्ष द्यायला कुणालाही भाग पाडता येणार नाही असं म्हटलं, आणि अनुच्छेद २२ ने चोवीस तासांत मॅजिस्ट्रेटपुढे नेण्याचा नियम मूलभूत हक्क केला. पुढे न्यायालयांनी पुष्कळ काही केलं. डी. के. बसू खटल्यात १९९६ च्या डिसेंबरात अटकेचे अकरा नियम घालून दिले. २०१० साली सेल्वी खटल्यात नार्को चाचणी संमतीशिवाय करता येणार नाही म्हणून सांगितलं. तेलगीच्या नार्को चाचणीची दृश्यं आपण सगळ्यांनी टीव्हीवर पाहिली होती; मार नाही, रक्त नाही, फक्त सुई. तिला विज्ञान म्हणणं सोपं होतं. या सगळ्यावर भरभरून लिहिलं गेलंय, म्हणून मी तिथे रेंगाळत नाही. मला न घडलेल्या एका गोष्टीबद्दल बोलायचंय.

१९७२ साली देसाईगंजच्या पोलीस ठाण्यात एका आदिवासी मुलीवर बलात्कार झाला. तेव्हा हा भाग चांदा जिल्ह्यात होता, आता गडचिरोलीत आहे. तिचं नाव कायद्याच्या पुस्तकांत आहे. मी ते घेत नाही. सर्वोच्च न्यायालयाने १९७८ मध्ये आरोपी पोलिसांना सोडलं. अंगावर जखमा नाहीत, प्रतिकार दिसत नाही, म्हणजे संमती. उपेंद्र बक्षी, लतिका सरकार, वसुधा धगमवार आणि रघुनाथ केळकर या चार कायद्याच्या प्राध्यापकांनी सरन्यायाधीशांना खुलं पत्र लिहिलं. देशभर बायका रस्त्यावर आल्या. १९८३ साली कायदा बदलला. साक्षीच्या कायद्यात कलम ११४-अ आलं: कोठडीतला संबंध सिद्ध झाला आणि स्त्री म्हणाली माझी संमती नव्हती, तर न्यायालय ती नव्हतीच असं धरून चालेल. पुराव्याचा भार फिरला. चार भिंतींआड जे घडलं ते बाईने कुठून सिद्ध करायचं, हा प्रश्न कायद्याने पहिल्यांदा ऐकला.

मग पुरुषाच्या पाठीवरच्या वळांचं काय? कोठडीतल्या मृत्यूचं काय? तिथेही चार भिंती त्याच.

उत्तर प्रदेशातल्या फतेहपूर जिल्ह्यात १९६९ साली एका शेतकऱ्याने पोलीस लाच मागतो म्हणून वरिष्ठांकडे तक्रार केली होती. त्यालाच पकडून नेलं, आणि मारहाणीने तो मेला. खटला सर्वोच्च न्यायालयात १९८५ मध्ये निकाली निघाला. निकाल लिहिणारे सरन्यायाधीश म्हणजे पुण्याचे यशवंतराव चंद्रचूड. त्यांनी म्हटलं की कोठडीत काय झालं हे फक्त पोलिसांना माहीत असतं, आणि पोलीस एकमेकांविरुद्ध बोलत नाहीत. तेव्हा पुराव्याच्या भाराचा कायदा बदलण्याचा सरकारने विचार करावा. त्याच वर्षी विधी आयोगाने आपल्या ११३ व्या अहवालात मसुदाच दिला: कलम ११४-ब. कोठडीत असताना माणसाला इजा झाली असेल, तर ती त्याला ताब्यात ठेवणाऱ्या अधिकाऱ्याने केली असं न्यायालयाला गृहीत धरता येईल. नसेल केली तर अधिकाऱ्याने दाखवून द्यावं. एवढंच. कलम ११४-अ चा सख्खा भाऊ. ११४-अ झालं, ११४-ब झालं नाही. डी. के. बसू निकालात त्याची आठवण निघाली, २०१७ च्या विधी आयोगाच्या २७३ व्या अहवालात पुन्हा निघाली.

जगाच्या पातळीवरचं थोडक्यात. संयुक्त राष्ट्रांचा छळविरोधी करार १९८४ चा. भारताने त्यावर ऑक्टोबर १९९७ मध्ये सही केली, पण तो अजून अंगीकारलेला नाही. २०१० साली लोकसभेने छळप्रतिबंधक विधेयक मंजूर केलं, राज्यसभेने ते प्रवर समितीकडे पाठवलं, समितीने ते बरंच सुधारून दिलं, आणि मग ते बारगळलं.

उलट दिशेला मात्र कायदे झाले. १९८७ च्या टाडात पोलीस अधीक्षकापुढची कबुली पुरावा ठरली. सर्वोच्च न्यायालयाने १९९४ मध्ये ती तरतूद वैध धरली. टाडा गेला, पोटा आला, पोटाही गेला. पण महाराष्ट्राचा १९९९ चा मकोका राहिला. त्याच्या कलम १८ मध्ये तीच तरतूद आहे. हा कायदा दिल्लीला लागू झाला, कर्नाटकाने त्याच्या धर्तीवर आपला केला, नंतर गुजरातनेही. १८६१ साली इंग्रजांनी घातलेली कडी काढायचं काम आपण महाराष्ट्रातून देशाला शिकवलं, हे वाक्य मला म्हणवत नाही, पण खोटं ठरवताही येत नाही.

आणि आता ११ जुलै २००६. मुंबईच्या लोकलमध्ये काही मिनिटांत सात स्फोट, १८९ माणसं गेली. इथे नेहमीचा युक्तिवाद येतो, आणि मी तो हलका मानत नाही: बॉम्ब कुठे ठेवलाय हे एकाच माणसाला माहीत असेल, तर त्याला मारू नये? ज्याचं माणूस त्या डब्यात होतं त्याच्यापुढे मी तत्त्वज्ञान सांगणार नाही. पण या खटल्यात काय झालं तेवढं बघू. तपास मकोकाखाली झाला, आरोपींच्या कबुल्या उपायुक्तांपुढे नोंदल्या गेल्या. २०१५ मध्ये विशेष न्यायालयाने बारा जणांना दोषी ठरवलं, पाच जणांना फाशी. २१ जुलै २०२५ ला मुंबई उच्च न्यायालयाने बाराही जणांना निर्दोष ठरवलं. एक तोवर तुरुंगातच मरण पावला होता. कबुल्यांचे काही भाग शब्दशः सारखे होते, त्या छळाने मिळवल्याचं दिसतं आणि म्हणून विश्वासार्ह नाहीत, असं न्यायालयाने म्हटलं. तीनच दिवसांनी सर्वोच्च न्यायालयाने हा निकाल इतर खटल्यांत दाखला म्हणून वापरू नये असा आदेश दिला; सुटलेल्यांना मात्र परत आत पाठवलं नाही.

‘बॉम्ब कुठे’ हा प्रश्न तासाभराचा असतो. या कबुल्या स्फोट होऊन गेल्यानंतरच्या होत्या. त्यांनी एकही डबा वाचणार नव्हता. उच्च न्यायालय बरोबर असेल, तर खरे गुन्हेगार एकोणीस वर्षं मोकळे आहेत, आणि तपासाचे ते पहिले, मोलाचे महिने खोलीत कुणाला तरी बोलतं करण्यात गेले. ज्यांची माणसं गेली त्या १८९ घरांना उत्तर नाही. स्टीफनच्या त्या अधिकाऱ्याने सांगितलेली सावली बांद्र्यापासून बोरिवलीपर्यंत पसरली म्हणायची.

१ जुलै २०२४ ला १८७२ च्या साक्षीच्या कायद्याची जागा भारतीय साक्ष अधिनियमाने घेतली. जुनी २५, २६, २७ ही तीन कलमं आता कलम २३ मध्ये एकत्र आहेत. मागचं दार परंतुक म्हणून तसंच आहे. जुनं ११४-अ हे कलम १२० म्हणून आत आलंय. सगळी कलमं नव्याने मांडली, आकडे बदलले, नावं बदलली. विधी आयोगाचा १९८५ चा तो मसुदा याही वेळी घेतला नाही.